पिवळ्या पट्ट्यातला पंजा

कुत्र्याला चढायला कुणी शिकवत नाही. बांधकामाशेजारच्या वाळूच्या ढिगावर ऐटीत बसलेलं गल्लीतलं कुत्रं, उभ्या मोटारीच्या टपावर ऊन खाणारं, गावाकडे गडग्यावरून तोल सावरत जाणारं, यांतल्या एकालाही कधी प्रशिक्षक मिळालेला नसतो. पण त्याच जातकुळीच्या कुत्र्याला फूटभर रुंदीच्या फळीवरून जमिनीपासून चार फूट उंच नेलं की चित्र पालटतं. ते मध्यावर पोट टेकून बसतं, नखं रोवतं, थरथरतं. नाहीतर शेवट दिसताच वरूनच झेप घेतं. एकात भीती आहे, दुसऱ्यात घाई. चढायच्या साधनांचं सारं प्रशिक्षण या दोन टोकांच्या मध्ये चालतं.

या प्रशिक्षणाला ज्या खेळाने शिस्त लावली तो ‘डॉग अ‍ॅजिलिटी’ वयाने फार मोठा नाही. १९७८ साली लंडनच्या ऑलिंपिया सभागृहात ‘क्रफ्ट्स’ हे प्रसिद्ध श्वानप्रदर्शन भरलं होतं. मुख्य रिंगणातल्या मधल्या वेळेत प्रेक्षकांना काहीतरी दाखवायला हवं, म्हणून आयोजन समितीतले जॉन वार्ली यांनी प्रशिक्षक पीटर मीनवेल यांना गाठलं. घोड्यांच्या अडथळा-शर्यती डोळ्यांसमोर ठेवून दोघांनी कुत्र्यांसाठी एक मार्ग आखला. लोकांना तो इतका आवडला की १९८० मध्ये ब्रिटनच्या केनेल क्लबने या खेळाचे नियम केले. अमेरिकेत १९८६ साली या खेळासाठी स्वतंत्र संघटना उभी राहिली, १९९४ मध्ये अमेरिकन केनेल क्लबनेही स्पर्धा सुरू केल्या आणि १९९६ पासून एफसीआय या आंतरराष्ट्रीय महासंघाची जागतिक स्पर्धा होऊ लागली. आज या खेळात उड्या, बोगदे, काठ्यांमधून नागमोडी पळणं असं बरंच काही असतं. पण शिकवायला सर्वांत जास्त वेळ ज्यांना द्यावा लागतो, त्यात चढायची तीन साधनं आघाडीवर आहेत.

पहिलं ‘ए-फ्रेम’: दोन रुंद फळ्या माथ्यावर जोडून केलेला तंबूसारखा चढ-उतार. एफसीआयच्या मापात माथा १.७ मीटरवर असतो आणि फळी साधारण २.७ मीटर लांब. म्हणजे उतार जवळजवळ ४० अंशांचा होतो. सुरुवातीच्या काळात ब्रिटनमध्ये हा माथा १.९ मीटर असे. कुत्र्यांच्या सांध्यांचा विचार करून तो खाली आणला गेला. दुसरं ‘डॉग वॉक’: एक चढती, एक आडवी आणि एक उतरती अशा तीन फळ्यांचा पूल. प्रत्येक फळी साडेतीन मीटरहून लांब, रुंदी फक्त ३० सेंटिमीटर, उंची १.२ ते १.३ मीटर. तिसरा सीसॉ. मुलांच्या बागेतल्यासारखाच, पण त्यावर एकटं कुत्रं चढतं, मध्य ओलांडतं आणि आपल्याच वजनाने फळी खाली आणून उतरतं.

या तिन्ही साधनांच्या दोन्ही टोकांचा भाग वेगळ्या रंगात, बहुतेक वेळा पिवळ्या, रंगवलेला असतो. त्याला कॉन्टॅक्ट झोन म्हणतात. डॉग वॉक आणि सीसॉवर तो ९० सेंटिमीटरचा, ए-फ्रेमवर थोडा जास्त. उतरताना निदान एक पंजा या पट्ट्यात पडलाच पाहिजे. नाही पडला तर पंचांचा हात वर जातो आणि पाच गुणांचा दंड बसतो. हँडलरला, म्हणजे कुत्र्यासोबत धावत त्याला मार्ग दाखवणाऱ्याला, कुत्र्याला किंवा साधनाला हात लावता येत नाही. कुत्रं दोरीविनाच धावतं, त्यामुळे ओढून सावरायचा प्रश्नच उरत नाही. हा पिवळा पट्टा शोभेसाठी आखलेला नाही. पूर्ण वेगात आलेलं कुत्रं चार फुटांवरून जमिनीवर झेपावलं की सगळा भार पुढच्या पायांवर आणि खांद्यांवर येतो. तो टाळण्यासाठी त्याला उतार संपेपर्यंत फळीवर राखायचं असतं.

पण कुत्र्याच्या दृष्टीने पाहिलं तर ही अट अजब आहे. जमीन समोर दिसते आहे, हँडलर पुढे पळतो आहे, मग उडी का मारायची नाही? पिवळा रंग त्याला दिसतो. कुत्र्यांना निळा आणि पिवळा चांगला ओळखता येतो, लाल-हिरव्यात गल्लत होते, हे १९८९ साली प्रयोगांनी दाखवलं गेलं. पण रंग दिसणं वेगळं आणि ‘इथे पाय ठेव’ हा त्याचा अर्थ कळणं वेगळं. हा अर्थ कुत्र्यापर्यंत कसा पोहोचवायचा, यावरच गेल्या चार दशकांतल्या सगळ्या पद्धती उभ्या आहेत.

जुनी पद्धत सरळ होती. गळ्यात पट्टा घालायचा, कुत्र्याला फळीवर चढवायचं, दोघांनी दोन्ही बाजूंनी धरायचं आणि ओढत पलीकडे न्यायचं. वरून कुणी उडी मारायला लागलं की दामटायचं. काही कुत्री त्यातूनही शिकली. पण बरीचशी साधन दिसताच बाजूने वळसा घालायला शिकली, कारण त्या फळीशी त्यांनी जोडलेली आठवण ओढाताणीची होती. पोर्तुगालमध्ये ९२ पाळीव कुत्र्यांवर झालेला आणि २०२० साली प्रसिद्ध झालेला अभ्यास या अनुभवाला दुजोरा देतो. धाक आणि वेदनेवर भर देणाऱ्या वर्गांतल्या कुत्र्यांमध्ये ताणाची लक्षणं जास्त दिसली. प्रशिक्षणानंतर त्यांच्या लाळेतल्या कॉर्टिसॉल या ताणाशी निगडित संप्रेरकाची वाढही जास्त होती.

आजच्या अ‍ॅजिलिटीत बक्षिसाची पद्धत रुळली आहे. तिची मुळं मानसशास्त्रज्ञ बी. एफ. स्किनर यांच्या कामात आहेत. त्यांचे विद्यार्थी केलर आणि मेरियन ब्रीलंड यांनी १९४० च्या दशकात ती प्राणी-प्रशिक्षणाच्या व्यवसायात आणली. हवाईमध्ये डॉल्फिनना शिकवणाऱ्या कॅरेन प्रायर यांच्या १९८४ मधल्या पुस्तकानंतर ती घरोघरच्या कुत्र्यांपर्यंत पोहोचली. ‘टक्’ असा आवाज करणारी छोटी डबी, म्हणजे क्लिकर, हे तिचं चिन्ह. पंजा हव्या त्या जागी पडला त्याच क्षणी ‘टक्’, आणि लगेच खाऊ. डॉल्फिनला दोरी बांधून ओढता येत नाही. त्याने स्वतःहून केलेली हालचाल टिपावी लागते. फळीवरच्या कुत्र्याच्या बाबतीतही हेच लागू पडतं.

मात्र साधनावर चढवण्याआधी एक पायरी असते, आणि घाईत नेमकी तीच गाळली जाते. कुत्र्याला आपले मागचे पाय कुठे आहेत याचं भान कमी असतं. पुढचे पाय डोळ्यांसमोर असतात, मागचे आपोआप येतात. रुंद जमिनीवर ते चालून जातं. अरुंद फळीवर मागचा एक पाय निसटला की कुत्रं घाबरतं. म्हणून प्रशिक्षक जमिनीवर एक शिडी आडवी ठेवतात आणि कुत्र्याला तिच्या दांड्यांमधून सावकाश चालवतात. पहिल्या फेरीत पुढचे पाय नीट उचलले जातात आणि मागचे दांड्यांना अडखळतात. काही दिवसांनी मागचा पंजा दांड्याच्या वर क्षणभर थबकतो, जागा शोधतो आणि मगच खाली येतो. हा थबकलेला पंजा म्हणजे शरीराचं भान आल्याची खूण. दुसरा सराव पाटासारख्या ठोकळ्याचा: पुढचे पाय पाटावर, आणि मागच्या पायांनी भोवती गोल फिरायचं. तिसरा, खाली चेंडू किंवा ठोकळा अडकवलेल्या डगमगत्या फळकुटाचा. ते हललं की खाऊ, खट्कन आपटलं की जास्त खाऊ. सीसॉची तयारी सीसॉ दिसण्याच्या किती तरी आधी अशी सुरू होते.

वयाचाही प्रश्न आहे. पिल्लाच्या हाडांची वाढ पूर्ण व्हायला बरेच महिने जातात, मोठ्या जातींत तर दीड वर्षापर्यंत. म्हणूनच एफसीआयच्या स्पर्धेत १८ महिन्यांखालच्या आणि अमेरिकन केनेल क्लबच्या स्पर्धेत १५ महिन्यांखालच्या कुत्र्याला उतरता येत नाही. त्याआधी जमिनीवरची फळी, शिडी, पाट हे सगळं चालतं. पूर्ण उंचीचं ए-फ्रेम नको. अंगावर चरबी साचलेल्या कुत्र्यालाही आधी वजन उतरवू द्यावं आणि सांधे पशुवैद्यांना दाखवून घ्यावेत.

आता मूळ प्रश्न: उतरायचं कसं शिकवायचं? आज दोन प्रवाह आहेत.

पहिला थांबण्याचा. प्रशिक्षक याला ‘दोन वर, दोन खाली’ म्हणतात. उताराच्या टोकाशी कुत्रं मागचे दोन पाय फळीवर आणि पुढचे दोन जमिनीवर ठेवून थांबतं आणि ‘चल’ म्हटल्यावरच सुटतं. या पद्धतीचं सौंदर्य तिच्या क्रमात आहे, कारण ती शेवटाकडून शिकवली जाते. आधी साधन नसतंच. जमिनीवर प्लॅस्टिकचा एक छोटा चौकोन ठेवून त्याला नाकाने स्पर्श करायला कुत्रं शिकतं. मग तोच चौकोन जिन्याच्या शेवटच्या पायरीपुढे ठेवला जातो: मागचे पाय पायरीवर, पुढचे फरशीवर, नाक चौकोनाला. चाळीतला जिना असो की बंगल्याची ओसरी, एक पायरी एवढंच साहित्य लागतं. त्यानंतर फळीच्या अगदी तळाशी कुत्र्याला उचलून ठेवायचं, की ते एकच पाऊल टाकून ती स्थिती धरतं. मग दोन पावलं वरून, मग अर्ध्या उतारावरून, आणि सर्वांत शेवटी पलीकडच्या चढापासून. अशा क्रमामुळे कुत्रं जसजसं पुढे जातं तसतसं ओळखीच्या आणि खात्रीच्या जागेकडे जातं. सुरुवातीपासून शिकवलेल्या कुत्र्याचं याच्या उलट होतं: पाठ असलेला भाग मागे पडतो आणि अनोळखी भाग समोर येतो. मध्यावर पोट टेकून बसणाऱ्या कुत्र्याचं दुखणं बहुधा इथेच असतं.

दुसरा प्रवाह न थांबता पळत उतरण्याचा. थांबण्यात वेळ जातो, आणि वेगाने येऊन अचानक थांबताना खांद्यांवर ताण येतो, ही त्यामागची कारणं. जागतिक अजिंक्यपद मिळवलेल्या स्लोव्हेनियाच्या सिल्विया ट्रकमन यांनी डॉग वॉकसाठी ही पद्धत विकसित केली आणि जगभर पोहोचवली. त्यांची सुरुवात जमिनीवर आडव्या टाकलेल्या फळीपासून होते. कुत्र्याने तिच्यावरून पूर्ण वेगात, उडी न मारता, सपाट धावायचं. तसं धावलं तरच बक्षीस. मग फळी थोडी थोडी उचलली जाते. कुत्र्याला इथे कुठली जागा दाखवली जात नाही, धावण्याची लय शिकवली जाते, आणि ती लय पंजाला आपसूक पट्ट्यात आणते. ए-फ्रेमसाठी अमेरिकेतल्या रेचल सँडर्स यांनी वेगळी वाट काढली. प्लॅस्टिकच्या नळ्यांची एक चौकट करायची, तिच्यात पाय टाकून पळायला कुत्र्याला शिकवायचं, ती चौकट ए-फ्रेमच्या तळाशी ठेवायची आणि पावलांचं अंतर पक्कं झालं की काढून घ्यायची.

पळत उतरणं दिसायला देखणं आहे, पण महागडं आहे. इथे बरोबर आणि चूक यांतलं अंतर डोळ्याला न दिसणारं असतं. हँडलर मोबाइलवर चित्रण करून, वेग कमी करून, पंजा कुठे पडला ते पाहतात. आवर्तनं हजारांत मोजावी लागतात. उतरल्यावर लगेच वळायचं असेल तर त्याचा सराव वेगळा, सरळ जायचं असेल तर वेगळा. म्हणून अनेक अनुभवी हँडलर मधला मार्ग घेतात. ए-फ्रेमच्या तीव्र उतारावर थांबवत नाहीत, डॉग वॉकवर थांबवतात. सीसॉवर तर थांबण्याला पर्यायच नाही. नवशिक्याने, पहिल्याच कुत्र्याला शिकवताना, ‘दोन वर, दोन खाली’ने सुरुवात करावी. त्यात चूक झाली तर तिथल्या तिथे दिसते आणि लगेच सुधारता येते.

सीसॉ हे साधन तर स्वतंत्र प्रकरण आहे. इतर फळ्या जागच्या जागी असतात, ही पायाखालून सरकते आणि मोठ्याने आपटते. एफसीआयच्या नियमात तिची परीक्षा ठरलेली आहे. खाली येणाऱ्या बाजूच्या पट्ट्याच्या मधोमध एक किलोचं वजन ठेवलं तर फळी ठरलेल्या काही सेकंदांत जमिनीला टेकली पाहिजे. यातून लहान कुत्र्याची अडचण ध्यानात येते. चार किलोच्या कुत्र्याखाली फळी सावकाश खाली येते आणि तोवर त्याला हवेत थांबावं लागतं. तीस किलोच्या लॅब्रॅडॉरने मध्य ओलांडला की फळी धाडकन खाली जाते. दोघांना एकच गोष्ट शिकवायची असते: मध्यावर रेंगाळायचं नाही, थेट टोक गाठायचं आणि फळी जमिनीला टेकेपर्यंत सोडायची नाही. टेकण्याआधी उडी मारली तर दंड आहे, आणि इजेचा धोका त्याहून मोठा.

त्यासाठी आवाज आणि हालचाल वेगवेगळी शिकवतात. फळीचं वर असलेलं टोक हाताने किंचित खाली ठेवायचं. कुत्र्याने पुढच्या पायांनी ते दाबून जमिनीवर आपटलं की खाऊ. कुत्रं स्वतः आवाज करतं तेव्हा तो आवाज त्याच्या ताब्यातला असतो. पुढे दोन टेबलांची युक्ती येते. फळीच्या दोन्ही टोकांखाली टेबलं ठेवली की फळी वीतभरच हलते. टेबलं हळूहळू बुटकी होत जातात आणि फळीचा झोका वाढत जातो. एका दिवसात एकच बदल करायचा, उंची किंवा आवाज, दोन्ही नाही.

किती वेळा शिकवायचं, याचं उत्तर अनेकांना चकित करतं. डेन्मार्कमध्ये १८ बीगल कुत्र्यांना माउसपॅडवर पंजा ठेवायला शिकवलं गेलं, जवळजवळ कॉन्टॅक्टसारखंच काम. २००८ साली प्रसिद्ध झालेल्या या प्रयोगात आठवड्यातून एकदा शिकणाऱ्या कुत्र्यांना आठवड्यातून पाचदा शिकणाऱ्यांपेक्षा कमी सत्रं पुरली. सोमवार ते शुक्रवार नोकरी आणि रविवारी मैदान, असा दिनक्रम असलेल्या घराला हा दिलासाच आहे. रोज तासभर रेटण्यापेक्षा पाच मिनिटांचं छोटं सत्र आणि मध्ये विश्रांती चांगली.

दुखापतींचा हिशेबही मांडायला हवा. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत २७ देशांतल्या हँडलरांनी ३,८०१ अ‍ॅजिलिटी कुत्र्यांची माहिती दिली. त्यातल्या ३२ टक्के कुत्र्यांना कधी ना कधी इजा झाली होती. सर्वाधिक प्रमाण खांदा, पाठ, मान आणि पंजाच्या बोटांचं. कारणीभूत साधनांमध्ये उडीचे दांडे, ए-फ्रेम आणि डॉग वॉक यांची नावं वर होती. यावर सहज सुचणारा उपाय म्हणजे ए-फ्रेमचा कोन कमी करणं. पण २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात ४०, ३५ आणि ३० अंशांवर कुत्र्यांना चढवून पाहिलं तेव्हा चढतानाच्या पहिल्या स्पर्शाला मनगटाचा सांधा मागे वाकण्याचं कमाल प्रमाण बदललं नाही. कोन हा एकच गुन्हेगार नाही. कुत्रं किती वेगाने, कुठल्या अंतरावरून, किती तिरकं येऊन फळीवर आदळतं, हेही तितकंच पाहावं लागतं. चढणीकडे सरळ यायला शिकवणं हा प्रशिक्षणाचा भाग आहे, आणि तो हँडलरच्या हातात आहे.

हीच कला मैदानाबाहेर जीव वाचवायला लागते, पण तिथे मागणी उलटी असते. ढिगाऱ्यावर शोध घेणाऱ्या कुत्र्याने पळायचं नसतं. डगमगत्या फळीवर, आडव्या शिडीवर, कलत्या स्लॅबवर त्याला एकेक पाय चाचपून टाकायला शिकवतात. गळपट्टा लोखंडी सळीत अडकू नये म्हणून तो बहुधा काढलेला असतो, आणि नखांची पकड लागते म्हणून पायांत बूट घालणं अनेकदा टाळलं जातं. फेब्रुवारी २०२३ मध्ये तुर्कस्तानच्या भूकंपात भारताच्या एनडीआरएफ या राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाच्या पथकाबरोबर गेलेल्या ज्युली नावाच्या लॅब्रॅडॉरने नुरदागी गावच्या ढिगाऱ्यात सहा वर्षांच्या मुलीचा माग काढला. रोमिओ नावाच्या दुसऱ्या कुत्र्याने तिथेच खात्री दिली आणि मुलगी जिवंत बाहेर आली. याच दलाची पाचवी बटालियन तळेगावजवळ सुदुंबरे इथे आहे. २०१४ मध्ये माळीण आणि २०२३ मध्ये इर्शाळवाडी इथे दरड कोसळल्यावर एनडीआरएफचे जवान ज्या निसरड्या चिखलातून वर चढले, तशा जागी कुत्र्याचा पाय स्थिर असणं ही स्पर्धेतल्या गुणांपेक्षा फार मोठी गोष्ट आहे.

स्पर्धेचा विचार नसलेल्या घरालाही यातलं बरंच उपयोगी पडतं. दोन विटांवर ठेवलेली रुंद, न हलणारी फळी आणि तिच्यावर घट्ट बसवलेला रबराचा पट्टा, एवढ्यावर सुरुवात होते. नुसती रंगवलेली फळी नको. ओल्या पंजाखाली ती घसरते, आणि एकदा घसरलेलं कुत्रं महिनोन्‌महिने विसरत नाही. विदर्भ-मराठवाड्याच्या उन्हात रबर तापतं, म्हणून आधी आपला तळहात ठेवून पाहावा आणि सराव सकाळीच उरकावा. पावसाळ्यात घरातला जिना, पाट आणि शिडी पुरते. शहरांतल्या श्वान-उद्यानांतले चढ-उतार कुत्र्याला पहिल्याच दिवशी दाखवायचे असतील तर फक्त हुंगू द्यावेत, आणि दुसऱ्या कुत्र्यांची गर्दी नसताना.

अंगणात किंवा गच्चीवर हा सराव पाहण्यासारखा असतो. विटेवर टेकवलेल्या छोट्या सीसॉपाशी घरातली मुलगी गुडघे टेकून बसलेली असते, मुठीत उकडलेल्या चिकनचे तुकडे. कुत्रं एक पंजा ठेवतं, फळी हलते, ते मागे सरतं. ती बोलत नाही, हातही पुढे करत नाही. थोड्या वेळाने ते पुन्हा येतं, मान वाकडी करून फळीकडे बघतं आणि दोन्ही पंजे टाकतं. फळी आपटते. कान मागे जातात, शेपटी क्षणभर थांबते, आणि मग ‘शाबास’ ऐकू येताच पुन्हा हलू लागते. खाऊ संपवून कुत्रं आपण होऊन वळतं आणि फळीच्या वर गेलेल्या टोकाकडे निघतं. त्या दिवसाचा सराव तिथेच थांबवायचा असतो. फळी उचलून भिंतीला टेकवून ठेवली जाते आणि कुत्रं तिच्यापाशी जाऊन बसतं.